माकडे आपल्याकडून काय शिकली?

मराठीच्या तासाला आम्ही तिसरीच्या मुलांना टोपीविक्याची गोष्ट सांगत होतो. ही गोष्ट आपल्या घरांत आजी-आजोबांपासून चालत आली आहे, तेव्हा ती येथे पुन्हा सांगण्याचे कारण नाही. टोपीविक्याने रागाने आपली टोपी जमिनीवर फेकली, झाडावरच्या माकडांनीही फेकल्या, आणि वर्ग नेहमीप्रमाणे हसला. एक मुलगा मात्र हसला नाही. तो पश्चिमेकडील एका गावातून बसने शाळेला येतो. तो म्हणाला, "गुरुजी, आमच्याकडचे जाको काही परत फेकत नाहीत. परवा त्यांनी आजीचे दोन भोपळे नेले. आजीने दगड मारला, तर एक मोठा जाको तिथेच बसून तिच्याकडे बघत राहिला."

मुले पुन्हा हसली. आम्ही हसलो नाही, कारण आम्हाला आमचेच घर आठवले. आमचे आई-बाबा कास्कावेलच्या बाजूला राहतात. घरामागे बाबांची बाग आहे, आणि बागेपलीकडे जुना उसाचा मळा, चिंचेची झाडे आणि डोंगर. त्या बागेत गेली काही वर्षे जे घडत आहे, ते त्या मुलाच्या आजीच्या परसात घडते, शामारेलला घडते, वाकवाच्या वरच्या अंगाला घडते. आपल्या वाचकांपैकी अनेकांच्या घरीही घडत असेल. म्हणून या आठवड्यात या पानावर माकडांविषयी चार शब्द लिहावेत असे आम्ही ठरविले.

बाबांची बाग

बाबांनी सारा जन्म साखरेच्या मळ्यावर काम केले. निवृत्त झाल्यावर त्यांनी घरामागे मका, वांगी, शूशूचा मांडव, भोपळे आणि दोन लेचीची झाडे लावली. पूर्वी माकडे डोंगरावरून कधीतरी उतरत. ऊस मोडून खात, माणसाचा आवाज आला की पळून जात. बाबा म्हणत, "ती आपल्या वाटेने येतात, आपल्या वाटेने जातात."

आता ती सकाळी सात वाजता येतात, म्हणजे बाबा चहा घ्यायला आत गेले की येतात. एक झाडावर बसून राखण करते. बाकीची मक्याचे कणीस मोडतात, एक घास खाऊन टाकतात, दुसरे मोडतात. या जातीच्या माकडाला गालात पिशव्या असतात. त्यात भराभर भरून घ्यायचे, सुरक्षित जागी जायचे, मग निवांत चावायचे, अशी त्यांची रीत. म्हणून दोन मिनिटांत वाफा रिकामा होतो. गेल्या वर्षी एका मोठ्या नराने स्वयंपाकघराच्या खिडकीतून पावाची पिशवी ओढली. आई आडवी गेली तेव्हा त्याने दात दाखविले. त्या दिवसापासून आई एकटी मागच्या दारी जात नाही. ज्या बाईने वादळात पत्रे उडालेले घर पुन्हा उभे केले, ती आपल्याच परसात जाण्यास भिते, हे पाहून आम्हाला फार वाईट वाटले.

दोघेही जहाजाने आलो

प्रथम हे ध्यानात घेतले पाहिजे की माकड हे या बेटाचे मूळचे रहिवासी नाही. या बेटावर माणसाचे पाऊल लागण्यापूर्वी जमिनीवर चालणारा एकही सस्तन प्राणी नव्हता. वटवाघळे तेवढी उडत आली होती. आपले जाको हे आग्नेय आशियातील लांब शेपटीचे माकड आहे. जावा, सुमात्रा, मलाया, थायलंड हा त्याचा मुलूख. सतराव्या शतकाच्या आरंभी पोर्तुगीज किंवा डच जहाजांवरून ते येथे उतरले. डच लोक 1598 साली येथे आले, 1638 साली त्यांनी वस्ती केली, आणि 1710 साली ते बेट सोडून गेले. त्यांच्या पिकांची उंदरांनी आणि माकडांनी नासाडी केली, हेही त्या जाण्याचे एक कारण सांगतात.

आपले पूर्वज त्यानंतर सव्वाशे वर्षांनी आले. 1834 साली गिरमिटियांची जहाजे सुरू झाली. मुंबई बंदरातून रत्नागिरी आणि कोकणातील माणसे पोर्ट लुईच्या घाटावर उतरली. म्हणजे या बेटावर वय विचारले तर माकड आपल्यापेक्षा थोरले आहे. दोघांनाही कोणी तरी जहाजात घालून आणले, आणि दोघांनीही येथे पाय रोवले. परंतु थोडीशी माकडे उतरली आणि त्यांचीच प्रजा सर्व बेटभर पसरली. त्यांना खाणारे एकही जनावर येथे नव्हते.

कोकणातील आपल्या मूळ गावीही माकडे आहेत, पण ती दोन प्रकारची. काळ्या तोंडाचा, लांब शेपटीचा तो वानर. रामायणाच्या चित्रांत आपण पाहतो तो बहुधा हाच. दुसरे लालसर तोंडाचे, डोक्यावर केसांची टोपी घातल्यासारखे दिसणारे, ते माकड. आपला जाको या दुसऱ्याचा चुलत भाऊ समजावा. आज रत्नागिरी-सिंधुदुर्गातील शेतकरीही हीच तक्रार करतात. नारळ, आंबा, काजू, भाजीपाला काही राहत नाही, आणि कित्येकांनी परसात भाजी लावणेच सोडून दिले आहे. समुद्राच्या दोन टोकांना एकच गाऱ्हाणे ऐकू येते, तेव्हा दोष एका माकडाचा नसून गोष्ट काही वेगळीच असली पाहिजे.

जंगल सरले, माकड उरले

ती गोष्ट अशी आहे. माकडांच्या बहुतेक जाती दाट जंगल तुटले की नाहीशा होतात. त्यांना ठरावीक झाडाचे फळ, ठरावीक पाला लागतो. परंतु थोड्या जाती अशा आहेत की जेथे माणूस जंगल तोडतो तेथेच त्या अधिक वाढतात. 1989 साली ॲलिसन रिचर्ड आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी अशा माकडांना "तण-माकडे" असे नाव दिले. शेतकऱ्याला तण म्हणजे काय ते सांगायला नको. जेथे नांगर फिरतो तेथे तण उगवते, दाट रानात उगवत नाही. लांब शेपटीचे माकड या तण-माकडांपैकी एक आहे. फळ असो, मुळे असोत, किडे, खेकडे, पक्ष्यांची अंडी किंवा पाव-बिस्किटे असोत, त्याला सर्व चालते.

आपल्या बेटाचा इतिहास पाहा. डचांनी आबनूस तोडला. फ्रेंचांनी जंगल साफ करून मळे केले. इंग्रजांच्या काळात उसाने मैदाने व्यापली, आणि तो ऊस आपल्याच पूर्वजांच्या हातांनी लावला गेला, हेही विसरता येत नाही. उंचावर चहा आला, पाईनची लागवड आली. आज चांगल्या स्थितीतील मूळ जंगल बेटाच्या शंभरांत दोन भागही उरलेले नाही. जे उरले त्यात बाहेरून आलेली झुडपे शिरली. आपण थंडीच्या दिवसांत प्लेन शांपाञला जाऊन ज्या लाल गोयाव दे शीनने पिशव्या भरून आणतो, ते झाडही ब्राझीलकडचे आहे. माकड ते फळ आवडीने खाते आणि बिया सगळीकडे टाकीत जाते. मग त्या झाडाची जाळी इतकी दाट होते की खाली मूळ झाडाचे रोप धरत नाही. माकड आणि गोयाव यांनी मिळून आपले जंगल बदलले, आणि दोघांनाही आणले माणसांनी.

1970 च्या दशकाच्या अखेरीपासून रॉबर्ट ससमन आणि इयन टॅटरसॉल या दोन अमेरिकन अभ्यासकांनी आपल्या बेटावरील माकडांचे निरीक्षण केले. 1986 साली त्यांनी बेटावर 25 ते 35 हजार माकडे असल्याचा अंदाज प्रसिद्ध केला. त्यांना दिसून आले की माकडे मूळ जंगलापेक्षा माणसाने बिघडवलेल्या जागी, म्हणजे चिंचा, आंबे, झुडपे आणि उसाचे मळे जेथे जवळजवळ आहेत तेथे चांगली नांदतात. आता तर त्या मळ्यांचेही रूप पालटत आहे. युरोपशी झालेला साखरेचा जुना करार 2009 साली संपला. आमच्या लहानपणी बेटावर धुराडी जिकडे-तिकडे दिसत. आता केवळ तीन साखर कारखाने उरले आहेत. कास्कावेलपासून तामारेंपर्यंत जेथे ऊस डोलत असे तेथे बंगल्यांच्या वसाहती, दुकाने आणि रस्ते झाले. माकडाला उसाचा आडोसा गेला आणि कचऱ्याचे डबे मिळाले. डबा उघडता येतो हे कळायला त्याला फार दिवस लागले नाहीत.

गुलाबी कबुतराचे संकट

येथे कोणी म्हणेल, माकडाने दोन भोपळे नेले तर नेले, त्यात एवढे काय? पण नुकसान केवळ भोपळ्यांचे नाही. आपले गुलाबी कबुतर जगात दुसरीकडे कोठेही नाही. 1990 च्या सुमारास रानात त्याचे केवळ दहा-बारा पक्षी उरले होते. जंगलतोड हे त्याचे पहिले कारण, आणि घरट्यातील अंडी-पिले खाणारी माकडे व उंदीर हे दुसरे. त्या शेवटच्या पक्ष्यांनी आसरा घेतला तो जपानी देवदाराच्या एका लहान वनात. ते झाड परदेशी, परंतु त्याची पालवी दाट व टोचणारी असल्याने माकडे तेथे सहसा शिरत नसत. जेराल्ड डरेल 1976 साली येथे आले, पिंजऱ्यात कबुतरांची पैदास सुरू झाली, पुढे पिले रानात सोडण्यात आली. 1994 साली ब्लॅक रिव्हर गॉर्जेस राष्ट्रीय उद्यान झाले. आज रानात शेकडो कबुतरे आहेत. पण उंदरा-मांजरांसाठी सापळे लावावे लागतात, कबुतरांना दाणे घालावे लागतात, आणि रानाचे काही तुकडे कुंपण घालून राखावे लागतात. कोणी लक्ष काढून घेतले तर ती पुन्हा दहा-बारावर येण्यास वेळ लागणार नाही.

म्हणून जे म्हणतात की माकडाला हात लावू नये, त्यांना आम्ही विचारतो: त्या कबुतराने कोणाकडे जावे?

पिंजरा

याच विषयावर आमच्या घरात मोठा वाद झाला, तो आता सांगतो.

या बेटावरील माकडे औषधांच्या प्रयोगांसाठी परदेशी जातात, हे सर्वांना ठाऊक आहे. 1980 च्या दशकात ही निर्यात वाढू लागली. माकडांत सहसा आढळणारे काही घातक विषाणू आपल्याकडील माकडांत नाहीत, म्हणून प्रयोगशाळांना ती हवी असतात. 2020 साली चीनने निर्यात थांबविल्यावर मागणी आणखी वाढली आणि वर्षाला दहा हजारांहून अधिक माकडे येथून जाऊ लागली. निर्यातीवर सरकार जो आकार घेते त्यातून वनरक्षणालाही पैसा मिळतो. म्हणजे गुलाबी कबुतराच्या दाण्यात माकडाच्या विक्रीचा वाटा आहे. दुसरीकडे याच जातीची नोंद 2022 साली जागतिक यादीत संकटग्रस्त म्हणून झाली, कारण त्याच्या मूळ मुलखात जंगल आणि माकड दोन्ही कमी होत आहेत. तेथे ते संकटात आणि येथे ते संकट.

आमच्या गावी एक माणूस पिंजरे लावीत असे. तो बाबांकडे आला आणि म्हणाला, "काका, तुमच्या कुंपणाजवळ लावू द्या. तुमची बाग वाचेल आणि माकडामागे काही पैसेही मिळतील." दादांना हे पटले. ते म्हणाले, "आई मागच्या दारी जात नाही, बाबांनी मका लावणे सोडले, आणखी किती सोसायचे?" आमच्या घरच्यांना पटले नाही. "दर शनिवारी मारुतीला तेल घालायचे आणि सोमवारी माकड विकायचे, हे कसे?" असे त्या म्हणाल्या. बाबा काहीच बोलले नाहीत. त्यांच्या न बोलण्याचा अर्थ दादांनी होकार असा घेतला.

तिसऱ्या दिवशी पहाटे ओरडणे ऐकून आम्ही बाहेर गेलो. शाळेला सुट्टी असल्यामुळे आम्ही तेथेच होतो. पिंजऱ्यात एक मादी होती आणि तिच्या पोटाला लहान पिलू चिकटलेले होते. पिंजऱ्यात आमिष म्हणून केळी ठेवली होती. बाबा पिंजऱ्याजवळ गेले तेव्हा ती मागे सरली नाही. उलट पुढे येऊन तिने गजांतून हात बाहेर काढला आणि तळवा पसरला.

बाबा तेथेच खाली बसले. मग त्यांनी आम्हाला जे सांगितले ते घरात कोणालाच ठाऊक नव्हते. निवृत्त झाल्यापासून ते दर शनिवारी, मारुतीची पूजा झाल्यावर, प्रसादाची केळी चिंचेखाली नेऊन माकडांना घालीत. पहिल्या वर्षी माकडे ते दूर गेल्यावर केळी उचलीत. दोन वर्षांत ती हातातून घेऊ लागली. ही मादी तेव्हा पिलू होती, तिच्या एका कानाला खाच होती म्हणून बाबांना ती ओळखू येई. बाबा म्हणाले, "मी देवाचा प्रसाद म्हणून देत होतो. त्यांनी घराची वाट म्हणून घेतला."

पिंजरेवाला नऊ वाजता गाडी घेऊन आला आणि पिंजरा घेऊन गेला. आम्ही त्याला अडविले नाही. अडवायला हवे होते की नाही, हे आजही आम्हाला ठरविता येत नाही. तीन आठवडे एकही माकड आले नाही. चौथ्या आठवड्यात टोळी पुन्हा आली.

चिंचेखालची शाळा

आम्ही शिक्षक असल्यामुळे त्या प्रसंगातील एक गोष्ट आमच्या मनातून गेली नाही. ती मादी आईच्या पोटाला चिकटून असतानाच बाबांचा हात ओळखायला शिकली होती. या माकडांच्या टोळीत आई, लेकी, बहिणी जन्मभर एकत्र राहतात. नर वयात आले की दुसऱ्या टोळीत जातात. पिलू आई काय तोंडात घालते ते नाकाजवळ नाक नेऊन पाहते. कोणत्या घराची खिडकी उघडी असते, कोणता कुत्रा बांधलेला असतो, कोणता म्हातारा केवळ ओरडतो आणि कोणता दगड मारतो, हे ज्ञान आईकडून लेकीकडे जाते आणि त्याच जागी राहते. एक-दोन माकडे पकडली तरी शाळा चालूच राहते. शिवाय सहज मिळणाऱ्या अन्नामुळे माद्या लवकर व्यायला लागतात आणि अधिक पिले जगतात. म्हणजे आपण केळी घालतो तेव्हा आपण एका माकडाचे पोट भरीत नाही, पुढची टोळी वाढवीत असतो.

हेच माकड इतर देशांत काय शिकले ते पाहण्यासारखे आहे. बाली बेटावर उलुवातूचे देऊळ आहे. तेथील माकडे यात्रेकरूंची टोपी, चष्मा, चप्पल पळवितात आणि खाऊ दिल्याशिवाय परत करीत नाहीत. तेथील निरीक्षण 2021 साली प्रसिद्ध झाले. त्यात असे दिसले की जाणत्या माकडांना कोणत्या वस्तूसाठी माणूस अधिक खाऊ देईल हे समजते आणि ती तशीच वस्तू निवडतात. आपल्या गोष्टीतील टोपीविका शहाणा होता, येथे माकडच टोपीविके झाले आहे! ही कला सर्व बालीतील माकडांना येत नाही. ज्या देवळात माणसांनी खाऊ देऊन वस्तू सोडविल्या त्याच देवळातील माकडांना येते.

थायलंडमधील लोपबुरी गावात माकडांना खाऊ घालण्यासाठी प्रवासी येत. 2020 साली महामारीमुळे प्रवासी यायचे थांबले आणि उपाशी टोळ्यांनी भर रस्त्यात लढाया केल्या. पुढे त्यांचा उपद्रव इतका वाढला की 2024 साली अधिकाऱ्यांना शेकडो माकडे पकडून कोंडून ठेवावी लागली. ज्यांना लाडाने वाढविले त्यांनाच शेवटी तुरुंगात घातले. सिंगापूरने दुसरा मार्ग धरला. तेथे माकडांना खाऊ घालणे हा गुन्हा आहे, त्यासाठी जबर दंड होतो, आणि जंगलालगत माकडांना न उघडणारे कचऱ्याचे डबे बसविले आहेत. तेथेही तक्रारी संपल्या नाहीत. पण माकडाला शिकविण्यापूर्वी माणसाला शिकविले पाहिजे, एवढे त्यांना उमगले आहे.

गंगा तलावावरील सहल

आपल्याकडे ही शिकवणी सर्वांत मोठ्या प्रमाणावर कोठे चालते? आपल्या सर्वांच्या श्रद्धेच्या जागी, गंगा तलावावर. 1972 साली गंगेचे पाणी आणून तलावात मिसळले तेव्हापासून ग्रां बासेंचे हे नाव झाले. महाशिवरात्रीला सारे बेट तेथे लोटते. टेकडीवर हनुमानाचे मंदिर आहे, खाली फळे आणि नारळ घेऊन भाविक, आणि कठड्यावर माकडे. प्रसाद देताना भाविकांच्या मनात पुण्याचीच भावना असते, यात शंका नाही.

काही वर्षांपूर्वी आम्ही मुलांना घेऊन तेथे सहलीला गेलो होतो. एका मुलीच्या हातात बिस्किटांचा पुडा होता. तिने एक बिस्किट पुढे केले. माकडाने ते सोडून पुडाच धरला. मुलीने पुडा सोडला नाही, कारण कोणीही सोडणार नाही. तिच्या मनगटावर दोन लांब ओरखडे उठले. दवाखान्यात नेऊन जखम धुतली, सुई टोचली, आणि देवाच्या कृपेने पुढे काही झाले नाही. आपल्या बेटावर पिसाळण्याचा रोग नाही हे आपले भाग्य. पण ती मुलगी रात्री झोपेत ओरडते असे तिच्या आईने आम्हाला महिनाभर कळविले. दोष त्या माकडाचा नव्हता आणि त्या मुलीचाही नव्हता. दोष आमचा होता. निघण्यापूर्वी मुलांना दोन वाक्ये सांगणे आमचे काम होते, ते आम्ही केले नाही.

मग करावे काय?

आम्ही प्राणिशास्त्राचे पंडित नाही. तरीही जे अनुभवाने आणि वाचनाने पटले ते सांगतो.

माकडाला घरी, देवळात, रस्त्यात कोठेही खाऊ घालू नये. मारुतीवर श्रद्धा असणाऱ्याने ती केळी मंदिरातील मुलांना वाटावी, प्रसाद वाया जात नाही. कचऱ्याच्या डब्याला घट्ट झाकण असावे आणि रात्री उष्टे बाहेर ठेवू नये. लेची, आंबा, पपई पिकताच उतरवून घ्यावी किंवा जाळी घालावी. जाळी घातली तर वटवाघळांपासूनही फळ वाचते. 2015 पासून त्या वटवाघळांना सरकारी हुकमाने हजारोंनी मारण्यात आले, आणि ती तर या बेटाची मूळची रहिवासी. माकड समोर आले तर दात दाखवू नयेत, डोळ्याला डोळा लावू नये, पाठ फिरवून धावू नये, हळूहळू मागे सरावे. आणि हे एका घराने करून उपयोग नाही. दहा घरांनी डबे बंद केले आणि अकराव्याने केळी घातली, तर टोळी अकराव्याच्या घरी येते आणि वाटेत दहांच्या घरी थांबते. आपल्या मंडळांच्या बैठकांत गणेशोत्सवाच्या वर्गणीबरोबर या गोष्टीचीही चर्चा व्हावी.

रानात कबुतरांच्या रक्षणासाठी माकडे कमी करावी लागतील का, आणि ती कशी, हे जाणकारांनी उघडपणे, लोकांसमोर ठरवावे. बाजारात मागणी किती आहे यावर ते ठरू नये. आणि डोंगराच्या पायथ्याशी नवी वसाहत उठविताना तेथे अगोदर कोण राहते याचा विचार आराखड्यातच व्हावा. घरे विकून झाल्यावर पिंजरे मागविणे हा काही विचार नव्हे.

बाबांनी चिंचेखाली केळी नेणे बंद केले त्याला आता दीड वर्ष झाले. पहिले काही महिने माकडे शनिवारी येऊन चिंचेखाली बसून राहत, आणि बाबा आत खिडकीशी बसून राहत. ते दिवस बाबांना फार जड गेले. दादांनी शूशूच्या मांडवाला चारी बाजूंनी जाळी ठोकून दिली आहे. टोळी अजूनही येते, पण आठवड्यातून एखाद्या वेळी, आणि माणूस दिसला की चिंचेवर चढते. आई मागच्या दारी जाऊ लागली आहे, हातात काठी घेऊन का होईना. यंदा बाबांनी पुन्हा मका लावला. दोन ओळी आपल्यासाठी आणि कुंपणाकडची एक ओळ जाईल असे धरूनच लावली आहे, असे ते सांगतात.

त्या कानाला खाच असलेल्या मादीचे काय झाले ते मात्र त्यांनी पिंजरेवाल्याला कधी विचारले नाही. आम्हीही विचारले नाही.

वाचकबंधुभगिनींनो, महाशिवरात्रीला आपण पायी गंगा तलावावर जाल. पिशवीतील केळी देवापुढे ठेवा, मुलांना द्या, स्वतः खा. आणि परत येताना सालेसुद्धा पिशवीत घालून घरी आणा.